न टोचलेले इंजेक्शन आणि खिम्याचा पास्ता

धाराशिव, तुळजापूर, उमरगा अथवा कळंब येथील ज्या घरात पती-पत्नी दोघेही नोकरीनिमित्त दिवसभर बाहेर असतात आणि स्वयंपाकास हात लागावयास सायंकाळचे सात वाजतात, अशा घरात एखाद्या बुधवारी वा शुक्रवारी कोंबडीच्या खिम्याचा दाट रस्सा घालून अर्ध्या-पाऊण तासात पास्ता करावा, यात वस्तुतः आक्षेपार्ह असे काहीच नाही, परंतु हा बेत नुसता उच्चारला की घरातील वा शेजारची कोणी ना कोणी वडीलधारी व्यक्ती हमखास म्हणते, "अगं, ब्रॉयलर कशाला आणतेस? इंजेक्शनं देऊन फुगवलेलं असतं ते. लेकरांना तर देऊच नकोस." हे वाक्य मी लग्नाच्या पंगतीत ऐकले आहे, एस. टी.च्या बाकावर ऐकले आहे, शाळेच्या शिक्षकदालनात ऐकले आहे, आणि खेदाची गोष्ट अशी की, वैद्यकीय व्यवसाय करणाऱ्यांच्या तोंडूनही ऐकले आहे. इतक्या मुखांतून इतकी वर्षे फिरल्यामुळे त्याला सिद्ध सत्याची प्रतिष्ठा प्राप्त झाली आहे. पुरावा मात्र कोणी मागत नाही आणि कोणी देतही नाही. सबब या एका गोष्टीचा सविस्तर खुलासा प्रथम करणे प्राप्त आहे.

संशयाचे कारण समजण्यासारखे आहे. परसातील गावरान कोंबडी दीड किलोची व्हावयास पाच-सहा महिने घेते, आणि शेडमधील ब्रॉयलर पस्तीस ते बेचाळीस दिवसांत दोन किलोच्या घरात जातो. हा फरक डोळ्यांनी पाहिलेल्या मनुष्यास त्यामागे काही औषधी करामत असावी असे वाटले, तर त्याला मूर्ख म्हणता येणार नाही. परंतु या तर्काची प्रत्यक्ष परीक्षा घेतली गेली आहे. कॅनडातील अल्बर्टा विद्यापीठातील संशोधकांनी 1957 आणि 1978 या काळातील जतन करून ठेवलेले दोन वाण आणि 2005 मधील प्रचलित वाण अशा तीन पिढ्यांच्या कोंबड्या एकाच वेळी, एकाच छपराखाली, एकच खाद्य देऊन वाढविल्या आणि आपले निष्कर्ष 2014 साली 'पोल्ट्री सायन्स' या नियतकालिकात प्रसिद्ध केले. छप्पन्नाव्या दिवशी 1957 च्या वाणाचे सरासरी वजन 905 ग्रॅम, 1978 च्या वाणाचे 1,808 ग्रॅम आणि 2005 च्या वाणाचे 4,202 ग्रॅम भरले. खाद्य तेच, निगा तीच, दिवस तितकेच. भिन्न होते ते केवळ रक्त. तत्पूर्वी 2003 मध्ये अमेरिकेतील नॉर्थ कॅरोलायना राज्यातील हॅवेनस्टाइन व त्यांच्या सहकाऱ्यांनी अशाच तुलनेअंती असा हिशेब मांडला होता की, या वाढीपैकी 85 ते 90 टक्के वाटा आनुवंशिक निवडीचा आणि उरलेला खाद्यातील सुधारणांचा आहे. या हिशेबात इंजेक्शनाच्या खात्यावर जमा करण्यास काही शिल्लकच राहत नाही.

ही निवड गुप्तपणे झालेली नाही. 1948 साली अमेरिकेत 'उद्याची कोंबडी' या नावाची राष्ट्रीय स्पर्धा भरली, तिच्यात रुंद छातीचे, झपाट्याने भरणारे पक्षी पैदास करणाऱ्यांना बक्षिसे दिली गेली, आणि त्या वेळी पुढे आलेल्या संकरित वाणांच्या आधारावर पुढील पिढ्या घडत गेल्या. आपल्याकडे डॉ. बी. व्ही. राव यांनी 1971 मध्ये स्थापिलेल्या वेंकटेश्वरा हॅचरीजसारख्या संस्थांनी अशी पिल्ले खेडोपाडी पोहोचविली. पक्ष्याची प्रत्येक पिढी अल्पावधीची असल्याने शंभर वर्षांत गाईम्हशींत जे साधणार नाही, ते कोंबडीत पंचवीस-तीस वर्षांत साधते.

आता त्या बहुचर्चित इंजेक्शनाचा व्यावहारिक विचार करू. वाढीचे संप्रेरक हे प्रथिन आहे. ते खाद्यातून वा पाण्यातून दिले तर जठरात त्याचे इतर प्रथिनांप्रमाणेच पचन होऊन जाते, म्हणजे ते टोचावेच लागेल, आणि तेही पुनःपुन्हा. पाच हजार पक्ष्यांच्या शेडमध्ये, जेथे शेतकरी, त्याची पत्नी आणि फार तर एखादा गडी राबतो, तेथे पाच हजार पक्षी वारंवार पकडून टोचणार कोण? करार पद्धतीत पिल्ले, खाद्य व औषधे कंपनीची, शेड आणि श्रम शेतकऱ्याचे, आणि मोबदला किलोमागे मोजके रुपये. त्या रुपयांत या उपद्व्यापाचा खर्च कोठून निघावा? शिवाय कोवळ्या ब्रॉयलरला असे संप्रेरक टोचून पाहणाऱ्या प्रयोगांत वाढीत म्हणण्यासारखी भर पडलेली नाही. शेडमध्ये औषध देताना कोणी पाहिले असेल तर ते लसीकरण होय: मानमोडी ऊर्फ राणीखेत आणि गंबोरो या रोगांच्या लसी, आणि त्यादेखील बहुधा डोळ्यात थेंब टाकून वा पिण्याच्या पाण्यातून दिल्या जातात. आपल्या बालकांना पोलिओचे थेंब पाजणारा समाज पिल्लाच्या डोळ्यातील थेंबाने भयभीत व्हावा, हे मला अद्याप उमगलेले नाही.

या अफवेला एके काळी खरे मूळ होते, हेही सांगितले पाहिजे. अमेरिकेत 1947 पासून काही वर्षे डायएथिलस्टिलबेस्ट्रॉल नावाच्या कृत्रिम संप्रेरकाची गोळी कोंबड्यांच्या मानेच्या कातडीखाली बसविली जात असे. तिचा अंश मांसात उतरतो हे निदर्शनास आल्यावर 1959 मध्ये तेथे कोंबड्यांसाठी तिच्या वापरास मनाई झाली. म्हणजे मूळ उपटल्याला साठाहून अधिक वर्षे लोटली, आणि आपल्याकडे त्याची सावली अजून हिंडते आहे. मुलींना लवकर ऋतुप्राप्ती होते ती ब्रॉयलरमुळे, हा याच सावलीचा एक अवयव. उत्तर युरोपातील जुन्या नोंदींनुसार एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास सोळा-सतराच्या आसपास असलेले हे वय विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत तेराच्या जवळ आले होते, आणि ब्रॉयलरचा प्रसार झाला तो त्यानंतर. सुधारलेले पोषण आणि वाढलेले वजन यांचा त्याच्याशी असलेला संबंध वैद्यकशास्त्रास परिचित आहे.

मग तो पक्षी वाढतो कशावर? मका आणि सोयाबीनची पेंड, हे त्याच्या खाद्याचे दोन प्रमुख आधार. धाराशिव जिल्ह्यात खरिपात दृष्टी पोहोचेल तेथवर सोयाबीन उभे असते, ते लातूरच्या बाजारपेठेत जाते, तेथे वा अन्यत्र त्याचे तेल निघते आणि उरलेली पेंड पशुखाद्यात उतरते. ज्या घरात सोयाबीनच्या भावावर मुलाच्या शिक्षणाचा निर्णय अवलंबून असतो, त्याच घरात त्या पेंडीवर वाढलेल्या पक्ष्याला विषवत् मानले जावे, हे मला दुःखदायक वाटते. अफवेची किंमत कोण भरतो, हे फेब्रुवारी-मार्च 2020 मध्ये महाराष्ट्राने पाहिले: कोंबडी खाल्ल्याने करोना होतो या निराधार वार्तेने भाव असे कोसळले की, अनेक शेतकऱ्यांनी पक्षी मातीमोल विकले, फुकट वाटले, काहींनी पिल्ले जिवंत पुरली.

इंजेक्शनाच्या या कथेवर माझा खरा राग आहे तो निराळ्या कारणासाठी. तिच्या गदारोळात जे विचारावयास हवे ते विचारले जात नाही. दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंट या संस्थेने 2014 मध्ये दिल्ली व परिसरातील कोंबडीच्या मांसाचे 70 नमुने तपासले, तेव्हा 40 टक्के नमुन्यांत प्रतिजैविकांचे अंश आढळले. आणि कोलिस्टिन हे माणसाच्या उपचारातील अखेरच्या फळीतील औषध कोंबड्यांच्या खाद्यात सर्रास जात असल्यामुळे केंद्रीय आरोग्य मंत्रालयाला जुलै 2019 मध्ये खाद्यप्राण्यांसाठी त्याचे उत्पादन, विक्री व वितरण बंद करण्याचा हुकूम काढावा लागला. प्रतिजैविकांना दाद न देणारे जंतू हे खरे संकट आहे. शिजविल्याने जंतू मरतात, औषधांचे अंश मात्र शिजविल्याने नष्ट होतीलच असे नाही; म्हणून विक्रेत्याला प्रश्न करावयाचा तर तो असा करावा की, हे पक्षी कोणत्या शेडमधले आणि औषध थांबविल्यानंतर किती दिवसांनी ते विक्रीस काढले. संप्रेरकांचा प्रश्न विचारणाऱ्याला 'नाही' हे खरे उत्तर मिळते, आणि तो समाधानाने घरी जातो. महत्त्वाचे ते तसेच राहते.

आता चुलीकडे वळू, कारण तेथेही एक पक्का समज ठाण मांडून बसला आहे: मांसाचा रस्सा तासन्‌तास उकळल्याशिवाय चवीस येत नाही. गोमांसाच्या बोलोन्या पद्धतीच्या रस्स्याबाबत, ज्याची कृती इटालियन पाकशास्त्र अकादमीने 17 ऑक्टोबर 1982 रोजी बोलोन्याच्या वाणिज्य मंडळात रीतसर नोंदविली, ही गोष्ट खरी आहे. आपल्या उस्मानाबादी शेळीच्या मटणाबाबतही ती बव्हंशी खरी आहे. वयस्क, हिंडत्या-फिरत्या जनावराच्या स्नायूंतील जोडपेशींचे जाळे घट्ट झालेले असते आणि ते विरघळून रस दाट व्हावयास वेळ लागतो. सहा आठवड्यांच्या पक्ष्यात ते जाळे कोवळे असते, त्यात खिमा झाल्यावर ते तुटलेलेही असते. त्याला वीस मिनिटांपलीकडे उकळले तर दाणे कोरडे होण्यापलीकडे काही पदरी पडत नाही. गावरान कोंबडी अधिक चविष्ट लागते ती याच वयामुळे आणि हिंडण्यामुळे, आणि नेमक्या त्याच कारणाने ती घाईच्या रात्रीस उपयोगाची नाही.

कृती सरळ आहे. चार माणसांस अर्धा किलो खिमा, शक्य तर मांडीच्या मांसाचा, समोर काढून घ्यावा. छातीचा खिमा फार लवकर कोरडा पडतो. रुंद कढईत तेल चांगले तापवून खिमा पसरावा आणि दोन-तीन मिनिटे त्याला हात लावू नये, म्हणजे तळाशी तो खरपूस होतो. सतत ढवळले की पाणी सुटते आणि खिमा उकडला जातो. मग दोन बारीक चिरलेले कांदे, आठ-दहा लसणाच्या पाकळ्या, पाच-सहा पिकलेले टोमॅटो, मीठ, आणि अर्धा चमचा घरचा काळा मसाला. काळ्या मसाल्याने इटालियन पदार्थ बाटतो असे मानणाऱ्यांनी हे ध्यानी घ्यावे की, 1948 पर्यंत निजामाच्या अंमलाखाली असलेल्या या जिल्ह्यात खिमा काही काल आलेला नाही, आणि तो आपल्या मसाल्याला उत्तम ओळखतो. दुसऱ्या शेगडीवर लिटरमागे साधारण दहा ग्रॅम मीठ घातलेल्या उकळत्या पाण्यात तीन-साडेतीनशे ग्रॅम पास्ता, पाकिटावरील वेळेपेक्षा एक मिनिट कमी शिजवावा, आणि गाळताना त्या पाण्याची एक वाटी राखून ठेवावी. आमटीला येसर लावल्यावर जो बांधेसूदपणा येतो, तोच या पिष्टयुक्त पाण्याने रस्स्याला येतो. म्हणून पास्ता कढईत उतरवून ते पाणी थोडे थोडे घालीत मिनिटभर परतावे. पाण्यात तेल घातल्याने पास्ता चिकटत नाही हा समज सोडून द्यावा: तेल वर तरंगते, आणि गाळताना पास्त्यावर बसून रस्सा घसरविते; चिकटू नये यासाठी पहिली दोन मिनिटे ढवळणे पुरते. शिजलेला पास्ता नळाखाली धुणे म्हणजे ते पिष्ट मोरीत सोडणे होय.

उरलेल्या समजुतींस अधिक जागा देण्याचे कारण नाही. पास्ता म्हणजे मैदा, हे सरसकट खरे नाही. उत्तम पास्ता ड्युरम गव्हाच्या रव्याचा असतो, आपला बन्सी गहू त्याच जातीचा, आणि पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने विकसित केलेला एम.ए.सी.एस. 4028 हा वाणही ड्युरमच; स्वस्त पाकिटांत मैदा असतो, तेव्हा पाकिटावरील घटक वाचावेत. मार्को पोलोने चीनमधून पास्ता आणला, हेही चूक. तो 1295 मध्ये व्हेनिसला परतला, आणि अल्-इद्रीसी या अरब भूगोलवेत्त्याने 1154 मध्येच सिसिलीतील त्राबिया येथे शेवयांसारखा पदार्थ तयार होऊन परदेशी रवाना होत असल्याचे नोंदवून ठेवले आहे. बर्ड फ्लूच्या काळात, जसा तो जानेवारी 2021 मध्ये परभणीच्या मुरुंब्यात आढळला तेव्हा, पूर्ण शिजलेले मांस धोक्याचे नसते; जागतिक आरोग्य संघटनेच्या मते आतपर्यंत 70 अंश सेल्सिअस उष्णता पोहोचणे पुरेसे आहे. कच्ची कोंबडी धुतल्याने स्वच्छ होते हा समज तर उलट अपायकारक आहे, कारण उडणाऱ्या शिंतोड्यांबरोबर जंतू ओट्यावर, कोथिंबिरीवर आणि हातांवर पसरतात. ब्रिटनच्या अन्न मानक संस्थेने 2014 मध्ये याविरुद्ध खास मोहीम काढली होती.

खिम्याबाबत एक दक्षता मात्र विसरू नये. अखंड मांसात जंतू बहुधा पृष्ठभागावर असतात, खिम्यात ते दळण्यासरशी आतपर्यंत मिसळतात. म्हणून रंगावर विसंबू नये, गुलाबी छटा गेली म्हणजे मांस शिजलेच असे नाही, तर रस्सा खळखळून उकळला पाहिजे आणि दाणा आतपर्यंत 74 अंशांस पोहोचला पाहिजे. दुकानातून आणलेला खिमा लगेच फ्रिजमध्ये ठेवावा आणि दुसऱ्या दिवसापलीकडे कच्चा राखू नये. उरलेला पास्ता थंडीत दोन तासांच्या आत, आणि आपल्याकडील एप्रिल-मेच्या उष्म्यात तासाभरातच फ्रिजमध्ये गेला पाहिजे. दुसऱ्या दिवशी डब्यात देताना त्यात दोन चमचे पाणी घालून तो वाफ येईपर्यंत पुन्हा तापवावा.