दिव्याखालचे तेल

आम्हा छत्रपती संभाजीनगरकरांच्या नळाला पाणी येते ते पैठणच्या नाथसागराचे. १९७६ साली पुऱ्या झालेल्या या धरणाचे आम्हांला कौतुक फार; त्याच्या पोटात गेलेल्या गोदाकाठच्या गावांची आठवण मात्र मला करून दिली ती आनंद पटवर्धनांनी.

१९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये त्यांनी मुंबईतल्या झोपडीवासीयांचे हाल टिपले. मग कॅमेरा नर्मदाकाठी गेला. सिमंतिनी धुरू यांच्यासह त्यांनी १९९५ साली ‘अ नर्मदा डायरी’ हा अनुबोधपट पुरा केला. सरदार सरोवराची वीज १४५० मेगावॉट, हे कागदावर वाचायला मिळते. मणिबेलीच्या आदिवासींचा झगडा पडद्यावरच पाहावा.

वाचकहो, मुलांना तो जरूर दाखवा. विजेचा दिवाही कुणाच्या तरी तेलावर जळतो, हे त्यांना उमजेल.