मौनाचे विद्यापीठ: एका विखुरलेल्या अभ्यासाचा मागोवा

केवळ मौनाच्या अभ्यासाला वाहिलेले विद्यापीठ कल्पनेतच आहे. त्याच्या विद्याशाखा मात्र विसाव्या शतकाच्या मध्यापासून ध्वनिशास्त्राच्या प्रयोगशाळांत, संगीताच्या सभागृहांत आणि मानवशास्त्रज्ञांच्या टिपणवह्यांत, बहुधा एकमेकींची दखल न घेता, वाढत आल्या आहेत. त्यांचा मागोवा घेताना एक भेद आरंभीच ध्यानात ठेवावा लागतो. शांतता म्हणजे ध्वनीचा अभाव किंवा अल्पता. ती परिसराची अवस्था असते. मौन म्हणजे बोलू शकणाऱ्याने न बोलणे. ती माणसाची कृती असते. आधुनिक अभ्यासाने आरंभी मोजता येणाऱ्या शांततेला हात घातला आणि मौनाकडे वळण्यास त्याला बराच काळ लागला.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात हार्वर्ड विद्यापीठात लिओ बेरानेक यांच्या नेतृत्वाखाली ध्वनिसंशोधनासाठी प्रतिध्वनिरहित कक्ष उभारण्यात आला. अशा कक्षात आतल्या पृष्ठभागांवर काचतंतूंच्या पाचरी बसवलेल्या असतात. त्यांवर आदळलेला ध्वनी परावर्तित न होता शोषला जातो. १९५१च्या सुमारास अमेरिकन संगीतकार जॉन केज अशा कक्षात गेले, तेव्हा त्यांना एक उंच आणि एक खालच्या पट्टीतला असे दोन स्वर ऐकू आले. उंच स्वर मज्जासंस्थेचा आणि खालचा रक्ताभिसरणाचा, असे तेथील अभियंत्याने सांगितल्याचे केज यांनी नमूद केले आहे. यातील पहिले स्पष्टीकरण पुढे अनेकांनी शंकास्पद ठरवले, परंतु त्याने मूळ निरीक्षणाचे मोल कमी होत नाही. ऐकणारा जिवंत असेतो संपूर्ण शांतता त्याच्या अनुभवाला येऊ शकत नाही, ही गोष्ट त्या कक्षाने सिद्ध केली. २९ ऑगस्ट १९५२ रोजी वुडस्टॉक येथील मॅव्हरिक सभागृहात पियानोवादक डेव्हिड ट्यूडर यांनी केज यांची चार मिनिटे तेहेतीस सेकंदांची रचना सादर केली, तेव्हा तिच्या तीन भागांच्या सीमा पियानोचे झाकण मिटून आणि उघडून दाखवण्यात आल्या आणि एकही स्वर वाजवण्यात आला नाही. केज यांच्या आठवणीनुसार पहिल्या भागात वाऱ्याचा, दुसऱ्यात छपरावरील पावसाचा आणि तिसऱ्यात श्रोत्यांच्या कुजबुजीचा आवाज येत होता. ही रचना म्हणजे निव्वळ चमत्कृती असे मानणाऱ्यांनी तिच्यामागील हे प्रायोगिक अधिष्ठान पुरेसे विचारात घेतलेले नाही.

कॅनडातील सायमन फ्रेझर विद्यापीठात आर. मरे शेफर यांनी साठच्या दशकाच्या अखेरीस सुरू केलेल्या प्रकल्पाने हीच दृष्टी प्रयोगशाळेबाहेर नेली. एखाद्या स्थळी ऐकू येणाऱ्या सर्व ध्वनींच्या समुच्चयाला, म्हणजे त्या स्थळाच्या ध्वनिपरिसराला, त्यांनी अभ्यासविषय बनवले आणि १९७५ साली युरोपातील पाच खेड्यांची ध्वनिपाहणी केली.

मौनाचा अभ्यास खऱ्या अर्थाने समाजात उतरला तो मानवशास्त्रज्ञ कीथ बासो यांच्या १९७० साली प्रसिद्ध झालेल्या निबंधाने. ॲरिझोनातील सिबेक्यू येथील पश्चिमी अपाची लोकांत राहून त्यांनी सहा प्रसंगांतील मौन नोंदवले: अनोळखी माणसाची गाठ पडणे, प्रणयाराधनाचे आरंभीचे दिवस, दूरच्या शाळेतून मुलांचे घरी परतणे, कोणी शिव्याशाप देत असणे, शोकग्रस्तांची सोबत आणि रोगनिवारणाचा विधी. दीर्घ काळानंतर घरी आलेल्या मुलासमोर आईवडील बोलण्याची घाई करत नाहीत, कारण शाळेने त्याला किती बदलले आहे हे त्याच्याच बोलण्यातून कळेपर्यंत थांबणे त्यांना योग्य वाटते. वरवर असंबद्ध भासणाऱ्या या प्रसंगांचा धागा बासो यांना असा सापडला की त्या सर्वांत समोरच्याशी असलेले नाते अनिश्चित झालेले असते. मौनाच्या संपूर्ण अभ्यासात इतके सूक्ष्म आणि माणसांविषयी इतका आदर बाळगणारे काम क्वचितच झाले असेल. १९७४ साली जर्मनीच्या एलिझाबेथ नोएल-नॉयमान यांनी मौनाचे चक्र हा सिद्धान्त मांडला. आपले मत अल्पमतात आहे असे वाटणारे लोक एकटे पडण्याच्या भीतीने गप्प राहतात आणि त्यामुळे ते मत आणखी दुबळे भासते, असा त्याचा आशय आहे.

शरीरशास्त्राची साक्ष अनपेक्षितपणे मिळाली. संगीताचा शरीरावरील परिणाम तपासताना इटलीतील लुचानो बेर्नार्दी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००६ साली असे नोंदवले की दोन संगीतखंडांमध्ये ठेवलेल्या दोन मिनिटांच्या विरामात हृदयाची गती आणि रक्तदाब आरंभीच्या विश्रांतीच्या पातळीपेक्षाही खाली आले.

या सर्व काळात महाराष्ट्रात मौनाचे आचरण विपुल होते. अहमदनगरजवळील मेहेराबाद येथे मेहेरबाबांनी १० जुलै १९२५ रोजी धरलेले मौन ३१ जानेवारी १९६९ रोजी त्यांचे निधन होईपर्यंत टिकले. आरंभी ते लिहून आणि नंतर अक्षरफलकावरील अक्षरांवर बोट फिरवून आपले म्हणणे सांगत. १९५४ साली तो फलकही त्यांनी सोडला आणि हातांच्या खुणांवरच संवाद ठेवला. गांधीजींचे सोमवारचे मौन सर्वज्ञात आहे. इगतपुरीच्या धम्मगिरी केंद्रात १९७६पासून दहा दिवसांच्या विपश्यना शिबिरांत आर्य मौन, म्हणजे वाणीबरोबरच खुणा आणि नजरेचा संवादही टाळणारे मौन, पाळले जाते. भगवद्गीतेच्या सतराव्या अध्यायात मौनाची गणना वाणीच्या तपात केलेली नाही, तर मनाच्या तपात केलेली आहे. या वर्गीकरणाच्या कसोटीवर मेहेरबाबांचे खुणांनी बोलणारे मौन आणि इगतपुरीचे खुणाही नाकारणारे मौन शेजारी ठेवून तपासणे हे मराठी अभ्यासकांना सहज उपलब्ध असलेले काम होते. आचरणाविषयी भक्तिपर लेखन भरपूर झाले. बासो यांच्या तोडीची चिकित्सा मात्र त्याच्या वाट्याला आली नाही, ही उणीव गंभीर आहे.

कायद्याने मात्र शांततेचाच विचार केला. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रुग्णालये, शैक्षणिक संस्था आणि न्यायालये यांच्याभोवतीच्या किमान शंभर मीटरच्या परिसराला शांतता क्षेत्र मानले आणि तेथे दिवसा ५०, तर रात्री ४० डेसिबलची मर्यादा घातली. ऑगस्ट २०१७मध्ये झालेल्या दुरुस्तीने त्यात अशी अट आली की राज्य सरकारने स्वतंत्रपणे अधिसूचित केल्याखेरीज कोणताही परिसर शांतता क्षेत्र ठरणार नाही. म्हणजे रुग्णालयाच्या दारातील शांतताही आपोआप लाभणारा हक्क न राहता सरकारी घोषणेवर अवलंबून झाली.