स्वेच्छानिवृत्ती घेतली, पण बढतीचे काय?

सरकारी कचेरीत वर्षानुवर्षे इमानेइतबारे फायली उपसणाऱ्या माणसाला डावलून त्याच्याच हाताखाली शिकलेला सहकारी साहेब होतो, तेव्हा होणारे दुःख घरच्यांनाही ठाऊक असते. ज्येष्ठता यादीत नाव मागे पडलेले असते, अर्ज दिलेला असतो, पण उत्तर येत नाही. शेवटी ‘नको ही नोकरी’ म्हणत गृहस्थ स्वेच्छानिवृत्तीची नोटीस देतात. पुढे कधीतरी कानावर येते की यादी दुरुस्त झाली. मग प्रश्न पडतो, आता त्या बढतीचा काही लाभ मिळेल का?

हा प्रश्न केवळ मानापमानाचा नाही. जुन्या योजनेत निवृत्तिवेतन अखेरच्या पगारावर ठरते. उद्या काही बरेवाईट झाले, तर पत्नीला मिळणारे कुटुंब निवृत्तिवेतनही त्याच पगारावर बेतलेले असते. हुकलेली एक बढती अशी दोघांच्याही म्हातारपणाला महाग पडते.

जागा रिकामी होती, एवढे पुरत नाही

‘मी नोकरीत असतानाच वरची जागा रिकामी झाली होती, म्हणून ती माझीच,’ असे अनेकांना वाटते. कायदा तसे मानत नाही. बढती सामान्यतः आदेश निघतो तेव्हापासून लागू होते, जागा रिकामी झाली तेव्हापासून नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे १९८९ मध्येच स्पष्ट केले आहे.

पश्चिम बंगालमधल्या एका वैज्ञानिक अधिकाऱ्याचे प्रकरण पाहा. लोकसेवा आयोगाने २९ डिसेंबर २०१६ ला त्यांच्या बढतीची शिफारस केली. ३१ डिसेंबरला ते वयोमानानुसार निवृत्त झाले आणि अंतिम मंजुरी आली ४ जानेवारी २०१७ ला. न्यायाधिकरण आणि उच्च न्यायालय यांनी त्यांना लाभ देऊ केला होता. पण नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो नाकारला. जिथे वयोमानाने निवृत्त झालेल्याची ही गत, तिथे आपणहून बाहेर पडणाऱ्याने किती सावध असावे!

कनिष्ठ आधी पुढे गेला असेल तर

मात्र सगळेच दरवाजे बंद नाहीत. राजस्थानातल्या एका न्यायिक अधिकाऱ्याच्या प्रकरणात १९९८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अर्जदाराची मागणी फेटाळली. पण त्याच्या निवृत्तीपूर्वीच्या तारखेपासून एखाद्या कनिष्ठाला बढती दिली गेली असती, तर त्याची तक्रार रास्त ठरली असती, असेही म्हटले. त्याच वर्षी केंद्र सरकारने आपल्या खात्यांना कळवले की, मागच्या वर्षांच्या जागांसाठी पदोन्नती समितीची बैठक उशिरा झाली, तर त्या वर्षी पात्र असलेल्या पण दरम्यान निवृत्त झालेल्यांची नावेही विचारात घ्यावीत. त्यांना प्रत्यक्ष बढतीचा हक्क मात्र मिळत नाही.

म्हणून निकाल बहुधा दोन तारखांवर ठरतो: कनिष्ठाच्या बढतीची आणि तुमच्या निवृत्तीची. दावा मान्य झालाच, तर अनेकदा ‘मानीव दिनांक’ मिळतो. पगार कागदोपत्री वाढतो, त्यावर निवृत्तिवेतन सुधारते. पण मागची थकबाकी मिळेलच असे नाही.

वेळ दवडू नका

डावलल्याची दाद सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात मागावी, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्येच सांगितले होते. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यातही मुदत एक वर्षाची आहे. निवेदनाला उत्तर आले नाही, तर सहा महिने थांबून पुढच्या एका वर्षात अर्ज करावा लागतो. पुन्हापुन्हा स्मरणपत्रे धाडल्याने मुदत वाढत नाही. केंद्राच्या कर्मचाऱ्यांनी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जायचे. महाराष्ट्र शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी राज्याचे न्यायाधिकरण मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे आहे.

सही करण्यापूर्वी

वीस वर्षांच्या अर्हताकारी सेवेनंतर स्वेच्छानिवृत्ती मागता येते आणि त्यासाठी तीन महिन्यांची नोटीस लागते. हे तीन महिने कामी लावा. ताजी ज्येष्ठता यादी मिळवा. आक्षेप लेखी द्या आणि पोच जपून ठेवा. सेवापुस्तकातल्या नोंदी तपासा. केंद्र सरकारच्या योजनेत बढती न मिळालेल्यांना १०, २० आणि ३० वर्षांच्या सेवेनंतर वरची वेतनश्रेणी मिळते. त्यासाठी थोडेच महिने उरले असतील, तर थांबणे शहाणपणाचे.

रागाच्या भरात ‘राजीनामा’ हा शब्द लिहू नका. राजीनाम्याने मागची सेवा सामान्यतः बुडते, स्वेच्छानिवृत्तीने बुडत नाही. नोटीस देऊन पश्चात्ताप झालाच, तर निवृत्तीच्या ठरलेल्या तारखेपूर्वी ती मागे घेण्याची परवानगी मागता येते. सबळ कारणाशिवाय ती अडवू नये, असा सर्वोच्च न्यायालयाचा १९८७ चा निर्णय आहे.

सार्वजनिक उपक्रमांतल्या व्हीआरएसचे गणित निराळे असते. तिथे ठोक रक्कम स्वीकारून बाहेर पडल्यावर मागच्या काळातल्या वेतनवाढीचा दावा करता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये म्हटले आहे.

आजारपण, घरची जबाबदारी किंवा दुसरा उद्योग अशा कारणांनी नोकरी सोडण्यात काही गैर नाही. पण केवळ अन्यायाच्या चिडीने सोडत असाल, तर आधी घरच्यांसोबत बसून निवृत्तिवेतनाचा हिशेब मांडा आणि तक्रार दाखल करा. नोटीस त्यानंतरही देता येईल.