निशिगंधाच्या कंदांची वाटणी

पिंगळी व आसपासच्या गावांतील काही बागायतदार बंधूंनी मजकडे अशी पृच्छा केली आहे की, पिओनी नावाचे जे भरदार विलायती फूल चित्रांतून व शहरांतील मंडपांतून दृष्टीस पडते, ते आपल्या मळ्यात होईल काय, व त्याचे गड्डे कसे विभागावेत. या प्रश्नाचे उत्तर मजजवळ आहे. परंतु ते नुकसान सोसून मिळाले आहे, आणि त्या नुकसानीचा मोठा वाटा माझ्या चुलतबंधूंस उचलावा लागला. यास्तव ती हकीगत प्रथम सांगतो.

महसूल खात्यातून निवृत्त झाल्यावर विहिरीलगतच्या चार गुंठ्यांत मी निशिगंध, ज्यास आपण गुलछडी म्हणतो, लावला. तिसऱ्या वर्षी बेटे दाटली व फुले रोडावली. कंद काढून विभागले पाहिजेत हे कळत होते. केव्हा, ते ठाऊक नव्हते. माझ्या भाच्याने एका इंग्रजी पुस्तकातील पिओनीचे प्रकरण मला वाचून दाखविले. त्यात गड्डे शरद ऋतूत खणून फोडावेत असे होते. सर्व कंदांस नियम एकच असेल अशा समजुतीने मी आश्विनात, जमीन ओली असताना, बेटे उपटली, फोडली, आणि तेच बेणे चुलतबंधूंस दहा गुंठ्यांकरिता दिले. पुढे परतीचा पाऊस आला. महिन्याभरात निम्म्याहून अधिक कंद कुजले. जे वाचले त्यांनी वर्षभर पाने दिली, फुले नाहीत. चुलतबंधूंनी मशागतीस व मजुरीस उसने पैसे काढले होते. त्यांनी मला एका शब्दानेही दोष दिला नाही. म्हणूनच ही चूक लिहून ठेवणे मी माझे कर्तव्य समजतो.

पिओनीचा स्वभाव

पुस्तक खोटे नव्हते. नियम लागू करण्यात मी चुकलो. पिओनी ही थंड मुलखाची वनस्पती आहे. चीन देशात तिची जोपासना पुरातन आहे, व तिची एक रानटी जात आपल्या हिमालयाच्या उतारांवरही आढळते. हिवाळ्यात तिचा पाला वाळून जातो व जमिनीखालील गड्डा कित्येक आठवडे कडक थंडीत निजतो. ती थंडी गड्ड्यावरील डोळ्यांस न मिळाल्यास फुले धरत नाहीत. डोळे खोल गाडले तरीही तोच परिणाम होतो; म्हणून थंड देशांत दोन इंचांपर्यंत व त्याहून उबदार प्रदेशांत जेमतेम एक इंच माती वर ठेवतात. फोडताना प्रत्येक तुकड्यास तीन ते पाच डोळे राखतात, आणि तो तुकडा भरभरून फुलण्यास दोन-तीन वर्षे घेतो.

आपल्याकडे पौषात काही रात्री पारा बराच उतरतो हे खरे, परंतु दुपारचे ऊन तापतेच. थंडी सलग मिळत नाही. पुढे वैशाखात उष्मा ४२ अंशांच्याही वर जातो, आणि पावसाळ्यात काळी जमीन पाणी धरून ठेवते, त्यात या झाडाच्या मांसल मुळ्या टिकणे कठीण. सबब पिओनीवर पैसा घालू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

आता शरदाविषयी. थंड देशांत त्या वेळी पिओनी निजावयास लागलेली असते. आपल्याकडे आश्विनात निशिगंध ऐन बहरात असतो. तात्पर्य, विभागणीसाठी पुस्तकातील महिना पाहू नये, झाडाची निद्रा पाहावी. पिओनीस थंडी निजविते. आपल्या निशिगंधास आपण पाणी तोडून निजवावे लागते.

विभागणीची रीत

निशिगंध मूळचा मेक्सिको देशातील. त्याचा एक कंद एकदाच फुलतो. मग त्याच्या सभोवती लहान कंद धरतात व पुढील फुले ते देतात. तीन वर्षांत त्यांची इतकी दाटी होते की अन्न-पाणी कोणासच पुरत नाही. अशा वेळी बेट मोडणे अवश्य आहे.

बहर सरल्यावर, माघ-फाल्गुनात पाणी पूर्ण बंद करावे. पाने पिवळी पडून वाळली म्हणजे बेटापासून थोडे दूर कुदळ घालून सबंध गड्डा उचलावा. माती झटकून कंद हातानेच सुटे करावेत. विळ्याने कापू नयेत, कारण जखमेतून कूज शिरते. मधला फुलून गेलेला जुना कंद, तसेच मऊ वा पोकळ लागणारे कंद टाकून द्यावेत. उरलेले हवेशीर सावलीत पातळ पसरून चार ते सहा आठवडे विसावू द्यावेत व मधूनमधून खालीवर करावेत.

नोकरीत असताना वारसांच्या वाटण्यांचे फेरफार मी पुष्कळ लिहिले. जमिनीच्या वाटणीत प्रत्येकाचा हिस्सा घटतो; कंदाची वाटणी वेळेवर केली तर धन वाढते. तथापि १९४७ च्या तुकडेबंदी कायद्यात जशी प्रमाणभूत क्षेत्र ठरविण्याची तजवीज होती, तसे कंदासही प्रमाण आहे. दोन ते तीन सेंटिमीटर जाडीचा, म्हणजे साधारण सुपारीएवढा कंद त्याच वर्षी फुलतो. दीड सेंटिमीटरहून लहान कंद निराळ्या वाफ्यात वर्षभर पोसावेत; मुख्य पिकात मिसळू नयेत.

लागवड

लागवड एप्रिल-मे महिन्यांत, पाण्याचा निचरा होणाऱ्या जमिनीत करावी. भारी काळ्या रानात वरंब्यावरच लावावे. दोन ओळींत ३० व दोन कंदांत २० सेंटिमीटर अंतर ठेवावे आणि कंद पाच ते सात सेंटिमीटर खोल, शेंडा वर करून बसवावा. या हिशेबाने पाट व वाटा सोडून गुंठ्यास सुमारे १,५०० कंद लागतात. कंद २५ ग्रॅमचा धरल्यास बेणे साडेसदतीस किलो होते. कोंब दिसेपर्यंत पाणी बेताचेच द्यावे. वांगी, टोमॅटो वा भेंडीच्या रानात मुळांवर गाठी करणारे सूत्रकृमी असण्याचा संभव असतो. तेथे मागोमाग निशिगंध घेऊ नये, आधी झेंडू घ्यावा.

हारांच्या सुट्या फुलांसाठी एकेरी जात सुवासाने सरस, पुष्पगुच्छांसाठी दुहेरी. बंगळूर येथील भारतीय बागवानी संशोधन संस्थेने काढलेल्या शृंगार व प्रज्वल या एकेरी जाती प्रसिद्ध आहेत. लागवडीपासून साधारण तीन-साडेतीन महिन्यांनी छड्या येऊ लागतात. सुटी फुले पहाटे तोडावीत.

या रीतीने तयार केलेले निवडक बेणे दोन वर्षांनी मी चुलतबंधूंस विनामूल्य पोचते केले. त्यांनी ते घेतले. मात्र या खेपेस दहा नव्हे, पाचच गुंठे लावले. पहिला तोटा अजून त्यांच्या स्मरणात आहे, व असावयासच हवा. ज्यांच्या मळ्यात बेटे दाटली आहेत त्यांनी फाल्गुनापर्यंत धीर धरावा, आणि बेणे देणाऱ्यास ते केव्हा काढले हे आधी विचारावे.