भाव आज वाढला, टोमॅटो कधी येणार?

२०२३च्या जुलैमध्ये नारायणगावच्या बाजारात टोमॅटोच्या २० किलोच्या क्रेटला दोन हजार रुपयांच्या आसपास भाव मिळाला. किंमत वाढली की पुरवठा वाढतो, असे आपण बारावीच्या वर्गात शिकवतो. मग एवढा भाव असूनही बाजारातली आवक का वाढली नाही?

पुरवठ्याच्या नियमाआधी ‘इतर परिस्थिती कायम असताना’ असे शब्द असतात. ते आपण वर्गात घाईने वाचून टाकतो. आणि पुरवठा वाढायला किती दिवस लागतील, हे तर नियम सांगतच नाही. टोमॅटोच्या रोपाला रोपवाटिकेत जवळजवळ महिना जातो. लागवडीनंतर पहिला तोडा यायला आणखी दोन महिने. म्हणजे जुलैत किती क्रेट येणार, हे एप्रिल-मेमध्येच ठरलेले असते. त्या वर्षी उन्हाळ्यात भाव इतके पडले होते की अनेकांनी प्लॉट सोडून दिले. उष्णता आणि रोगांनीही पीक कमी केले. जुलैतला भाव पाहून झालेल्या लागवडीचा माल मात्र पुढे एकदम आला आणि सप्टेंबरात भाव कोसळले. म्हणून फळ्यावर दोन पुरवठा वक्र काढावेत: एका दिवसाचा जवळजवळ उभा आणि हंगामाचा तिरपा.

उभा वक्रही थेट खालपर्यंत जात नाही. समजा, तोडणीची मजुरी, वाहतूक, हमाली मिळून क्रेटला ८० रुपये लागतात. रोपे, खते, ठिबक, तार-बांबू यांवरचा खर्च आधीच होऊन गेला आहे. तोडा न केल्याने तो परत मिळणार नाही. त्यामुळे भाव १२० असेल तर एकूण तोटा होत असूनही शेतकरी माल तोडतो, कारण क्रेटमागे ४० रुपये तरी सुटतात. भाव ६० झाला की तोच शेतकरी प्लॉटमध्ये मेंढरे सोडतो. शहरात बसून याला नासाडी म्हणणे सोपे आहे. तोडला तर क्रेटमागे आणखी २० रुपये जातात.

कांद्याचे वेगळे. मंचर-ओतूरकडचा उन्हाळी कांदा चाळीत काही महिने टिकतो. चाळीतला सगळा कांदा हा साठा. आजच्या भावाला त्यातला जेवढा विकायला काढला, तेवढाच पुरवठा. भाव चढला तर चाळ दोन दिवसांत उघडता येते. पण भाव आणखी चढेल असे वाटले, तर तीच चाळ बंदही राहते.

विद्यार्थ्यांना महिनाभर बाजार समितीतली रोजची आवक आणि भाव टिपायला सांगावे. आलेखावर बहुधा आवक जास्त त्या दिवशी भाव कमी दिसेल आणि ‘नियम उलटा आहे’ असे कोणीतरी म्हणेलच. त्याला लगेच उत्तर देऊ नये. तो आलेख पुरवठ्याचा आहे की रोज सरकणाऱ्या पुरवठ्याने मागणीच्या रेषेवर उमटवलेल्या ठिपक्यांचा, हे वर्गानेच शोधावे.