तटस्थतेची अशक्यता : महाडच्या चवदार तळ्याच्या संदर्भात एक विवेचन

प्रस्तावना

‘तटस्थ’ या शब्दाचा मूळ अर्थ तटावर, म्हणजे काठावर उभा असलेला. प्रवाहात उतरलेल्यांची ओढाताण त्याला जाणवत नाही, पाणी त्याच्या पायाला लागत नाही आणि सर्व दृश्य मात्र त्याला स्पष्ट दिसते. या प्रतिमेमुळे तटस्थता ही आपल्याकडे बहुधा सद्गुण मानली गेली आहे. भांडणात न पडणारा मनुष्य समंजस, वादग्रस्त प्रश्नावर मौन बाळगणारा अधिकारी मुरब्बी, तर कोणत्याच गटात नसलेला प्राध्यापक विद्वान समजला जातो. परंतु या प्रतिमेत एक गृहीतक दडलेले आहे. काठ हा प्रवाहाच्या बाहेरचा आहे आणि काठावर उभे राहिल्याने पाण्यात काहीच फरक पडत नाही, हे ते गृहीतक होय. प्रस्तुत लेखात या गृहीतकाची तपासणी करावयाची आहे.

येथे आरंभीच एक भेद करणे आवश्यक वाटते. निःपक्षपातीपणा आणि तटस्थता या दोन संज्ञा व्यवहारात एकमेकींच्या जागी वापरल्या जातात. वस्तुतः त्या भिन्न आहेत. न्यायाधीश निःपक्षपाती असतो, म्हणजे दोन्ही बाजू एकाच मापाने मोजतो. मात्र मोजून झाल्यावर त्याला निर्णय द्यावाच लागतो आणि त्या निर्णयाने एक बाजू जिंकते, दुसरी हरते. तटस्थाला मात्र निर्णयच द्यावयाचा नसतो. प्रस्तुत विवेचनाचा रोख या दुसऱ्या वृत्तीवर आहे.

न निवडण्याची निवड

अमेरिकन तत्त्वज्ञ विल्यम जेम्स याने १८९६ मधील आपल्या प्रसिद्ध व्याख्यानात काही पर्यायांना ‘सक्तीचे पर्याय’ असे म्हटले होते. या प्रकारात दोन पर्यायांच्या बाहेर उभे राहण्यास जागाच नसते. निर्णय लांबणीवर टाकणे हेही दोहोंपैकी एकाच्याच पारड्यात पडते. कर्म केल्यावाचून कोणी क्षणभरही राहू शकत नाही, हा गीतेच्या तिसऱ्या अध्यायातील विचार वेगळ्या संदर्भातील असला तरी या मुद्द्याच्या बराच जवळ जातो.

मतदानाच्या व्यवहारात हे अंकगणितानेच दाखविता येते. १७ मार्च २०११ रोजी संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत लिबियासंबंधीचा १९७३ क्रमांकाचा ठराव मांडला गेला. त्याच्या बाजूने १० मते पडली, विरुद्ध एकही पडले नाही. भारत, ब्राझील, जर्मनी, रशिया आणि चीन ही पाच राष्ट्रे तटस्थ राहिली. ठराव संमत होण्यास ९ मते पुरेशी असतात. परंतु एखाद्या स्थायी सदस्याने विरोधी मत दिल्यास तो फेटाळला जातो. म्हणजे रशिया व चीन यांच्या हाती ठराव रोखण्याचे सामर्थ्य होते आणि ते न वापरल्यामुळेच ठराव संमत झाला. दोनच दिवसांनी लिबियावर हवाई हल्ले सुरू झाले. पुढे या दोन्ही राष्ट्रांनी त्या कारवाईवर कठोर टीका केली, हे येथे सहज नमूद करावेसे वाटते.

महाड : ‘हरकत नाही’ या शब्दांचा इतिहास

तथापि राष्ट्रांच्या राजकारणात तटस्थतेमागे पुष्कळ हिशेब असतात. तटस्थतेचे अधिक निखळ रूप पाहावयाचे असेल तर एका लहान गावातील पाण्याच्या प्रश्नाकडे वळणे उपयुक्त ठरेल.

४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई कायदे कौन्सिलात सीताराम केशव बोले यांनी मांडलेला ठराव संमत झाला. सार्वजनिक निधीतून बांधलेली वा सांभाळली जाणारी पाणवठे, विहिरी, धर्मशाळा इत्यादी ठिकाणे, तसेच सरकारी शाळा, कचेऱ्या, दवाखाने अस्पृश्यांना खुले असावेत, असा त्याचा आशय होता. त्यास अनुसरून जानेवारी १९२४ मध्ये महाडच्या नगरपालिकेने चवदार तळ्याविषयी ठराव केला. अस्पृश्यांनी तळ्याचा वापर करण्यास नगरपालिकेची हरकत नाही, असा त्याचा आशय होता.

या शब्दयोजनेकडे लक्ष द्यावयास हवे. ‘हरकत नाही’ म्हणणारी संस्था दार उघडीत नाही. आपण दार अडविलेले नाही, एवढेच ती सांगते. तळे नगरपालिकेच्या मालकीचे होते. त्यावर पाणी भरावयास येणाऱ्यास संरक्षण देणे अथवा अडविणाऱ्यास प्रतिबंध करणे यांपैकी काहीच न करता तिने केवळ आपले मन मोकळे असल्याचे नोंदविले. परिणाम असा झाला की पुढील तीन वर्षांत अस्पृश्य समाजातील कोणीही तळ्यावर जाऊ शकला नाही. कागदावर दोन्ही पक्ष समान होते. पाणी मात्र एकाच पक्षाच्या घागरीत पडत होते.

१९ व २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या अध्यक्षतेखाली महाड येथे कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली. परिषदेस आलेल्या लोकांसाठी पिण्याचे पाणी गावातून पैसे देऊन घ्यावे लागले. तीन वर्षांपूर्वी ज्यांना हरकत नसल्याचे ठरले होते, त्यांना तळे समोर असताना पाणी विकत घ्यावे लागावे, यावर निराळे भाष्य करण्याची गरज नाही. दुसऱ्या दिवशी प्रतिनिधींची मिरवणूक तळ्यावर गेली आणि बाबासाहेबांसह सर्वांनी पाणी प्राशन केले. त्यानंतर वीरेश्वराच्या मंदिरात शिरण्याचा यांचा बेत आहे अशी अफवा पसरली व परतणाऱ्या प्रतिनिधींवर हल्ले झाले. पुढे पंचगव्याच्या घागरी ओतून तळ्याची ‘शुद्धी’ करण्यात आली. ४ ऑगस्ट १९२७ रोजी, म्हणजे बोले ठरावास बरोबर चार वर्षे होत असताना, नगरपालिकेने आपला १९२४ चा ठराव रद्द केला. ज्या दिवशी प्रत्यक्ष निवड करण्याची वेळ आली, त्या दिवशी ‘हरकत नाही’चा खरा अर्थ प्रकट झाला, असेच म्हणावे लागते.

डिसेंबरमधील सत्याग्रह परिषदेच्या वेळी परिस्थिती याहूनही बोलकी होती. मंडपासाठी कोणा हिंदू मालकाने जागा दिली नाही. अखेर एका मुसलमान गृहस्थाने ती दिली. नाकारणाऱ्यांपैकी सर्वच जण कट्टर असतील असे मानण्याचे कारण नाही. त्यांतील काहींना कदाचित या प्रकरणात पडावयाचे नव्हते, इतकेच. परंतु मंडप उभारू पाहणाऱ्याच्या दृष्टीने या दोन प्रकारच्या नकारांत कोणता फरक होता? उलट, सुरेंद्रनाथ टिपणीस, अनंतराव चित्रे आणि गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे यांसारखे स्पृश्य समाजातील कार्यकर्ते उघडपणे परिषदेच्या बाजूने उभे राहिले. म्हणजे त्या काळात दुसरा मार्ग उपलब्धच नव्हता, ही सबब टिकत नाही.

याच सुमारास, १२ डिसेंबर १९२७ रोजी, काही स्पृश्यांनी महाडच्या दिवाणी न्यायालयात बाबासाहेब व त्यांच्या सहकाऱ्यांविरुद्ध दावा दाखल केला आणि दोन दिवसांनी तात्पुरता मनाई हुकूम मिळविला. असा हुकूम कायद्याच्या दृष्टीने तटस्थ मानला जातो, कारण अंतिम निर्णय होईपर्यंत ‘जैसे थे’ स्थिती राखणे एवढाच त्याचा हेतू असतो. परंतु ‘जैसे थे’मध्ये कोण पाणी भरत होते आणि कोण भरत नव्हते, हे पाहिले म्हणजे त्या हुकमाची बाजू ध्यानात येते. परिषदेने सत्याग्रह तहकूब केला. प्रतिनिधींनी तळ्याभोवती मिरवणूक काढली आणि पाण्यास स्पर्श न करता ते परतले.

या दाव्यातील युक्तिवाद आपल्या विषयाच्या दृष्टीने फार महत्त्वाचा आहे. अस्पृश्यांनी हे तळे न वापरण्याची अनादी काळापासूनची रूढी आहे, असे वादींचे म्हणणे होते. रूढी सिद्ध कशाने होते? दीर्घकाळ कोणी हरकत घेतली नाही, यानेच. पिढ्यान्‌पिढ्या काठावर उभे राहून जे घडते ते मुकाट्याने पाहणाऱ्या प्रत्येक मनुष्याचे मौन अशा रीतीने पुराव्याच्या स्वरूपात न्यायालयापुढे येत होते. त्या मौनधारकांपैकी कोणालाही आपण साक्ष देत आहोत असे वाटले नसेल. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने निकाल दिला: तळे नगरपालिकेचे आहे आणि वादींना अनादी रूढी सिद्ध करता आलेली नाही. हा निर्णय निःपक्षपाती होता, परंतु तटस्थ नव्हता. प्रारंभी केलेला भेद येथे पुरेसा स्पष्ट व्हावा.

महाभारतातील दोन काठ

आपल्या परंपरेला हा प्रश्न अपरिचित नव्हता. द्यूतसभेत द्रौपदीने प्रश्न विचारला, तेव्हा धर्माची गती सूक्ष्म आहे असे सांगून भीष्मांनी उत्तर टाळले. विदुराने सभेला बोलण्याचे आवाहन केले; कौरवांपैकी विकर्ण तेवढा बोलला. उरलेल्या सभेच्या मौनाचा लाभ कोणास झाला, हे सर्वविदित आहे. बलरामाचे उदाहरण मात्र अधिक विचारणीय वाटते. दोन्ही पक्षांशी नाते असल्यामुळे तो युद्ध टाळून सरस्वतीच्या तीरावरील तीर्थयात्रेस निघून गेला. तीर्थयात्रा म्हणजे अक्षरशः तटावरून चालणेच! परंतु परतला तो नेमका गदायुद्धाच्या वेळी, आणि भीमाने दुर्योधनाच्या मांडीवर प्रहार करताच नांगर उचलून भीमावर धावला. एका युद्धनियमाच्या भंगाने इतका संतप्त होणारा हा पुरुष आधीच्या संहाराच्या वेळी मात्र दूर होता. त्याच्याजवळ मत नव्हते असे नाही. ते प्रकट होण्यास उशीर झाला होता.

काही आक्षेप

यावर असा आक्षेप घेता येईल की मनुष्याची शक्ती व ज्ञान मर्यादित असल्याने प्रत्येक प्रश्नावर बाजू घेणे त्याला शक्य नाही. हा आक्षेप रास्त आहे. ज्या वादातील तथ्येच आपणांस ठाऊक नाहीत, त्यात घाईने उडी घेणे हा शहाणपणा नव्हे. परंतु अज्ञानामुळे थांबणारा मनुष्य चौकशी करू लागतो. तटस्थतेचा आश्रय घेणाऱ्यास चौकशीची गरज भासत नाही.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. १८६३ मध्ये जिनिव्हात स्थापन झालेली रेडक्रॉस समिती तटस्थतेच्या बळावरच दोन्ही सैन्यांच्या जखमींपर्यंत व युद्धकैद्यांपर्यंत पोहोचते. तिने बाजू घेतली तर तुरुंगांची दारे तिला बंद होतील. हे मान्यच करावे लागते. मात्र ही तटस्थता जखमींच्या बाजूने घेतलेला पक्ष आहे आणि त्या पक्षासाठी ती एक साधन आहे. साधनाचे साध्य झाले की काय होते, हेही याच संस्थेच्या इतिहासात दिसते. ऑक्टोबर १९४२ मध्ये नाझी अत्याचारांबाबत जाहीर आवाहन करावे की नाही, यावर समितीने चर्चा केली आणि मौन पाळण्याचे ठरविले. त्या काळातील आपले वर्तन हे अपयश होते, असे पुढे समितीच्या प्रमुखांनीच मान्य केले.

व्यक्तीच्या मौनास कायदा क्वचितच हात घालतो. सत्ता हाती असणाऱ्याच्या मौनाचे तसे नाही. महाडसारख्या नगरपालिकांचा अनुभव पाहून बोले यांनी ऑगस्ट १९२६ मध्ये दुसरा ठराव मांडला होता. पहिल्या ठरावाची अंमलबजावणी न करणाऱ्या नगरपालिका व लोकलबोर्डे यांचे सरकारी अनुदान थांबवावे, अशी त्यात मागणी होती. संविधानाच्या अनुच्छेद १५ मध्ये राज्याच्या निधीतून राखलेल्या विहिरी, तलाव व स्नानघाट यांचा स्वतंत्र उल्लेख आला, तोही याच अनुभवाच्या वाटेवरील आहे. १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याने आणखी पुढचे पाऊल टाकले. त्यातील कलम ४ नुसार अनुसूचित जाती-जमातींचा सदस्य नसलेल्या लोकसेवकाने या कायद्याखालील आपल्या कर्तव्याकडे जाणूनबुजून दुर्लक्ष केल्यास त्यास सहा महिन्यांपासून एक वर्षापर्यंत कारावासाची शिक्षा होऊ शकते. २०१५ च्या दुरुस्तीने ही कर्तव्ये नावानिशी नोंदविली आहेत. तक्रारदाराने तोंडी दिलेली माहिती लिहून घेऊन त्याची सही घेण्यापूर्वी ती त्याला वाचून दाखविणे, हे त्यांतील अगदी आरंभीचे कर्तव्य होय.