बार्शीची प्रार्थना ठोंबरे : दुहेरीच्या कोर्टावरची वाट

बार्शी म्हटले की तूरडाळ, भगवंताचे मंदिर आणि माझ्या पिढीला अरुंद रुळांची बार्शी लाइट रेल्वे आठवते. टेनिस आठवावे असे काही कारण नव्हते. तरी ऑगस्ट २०१६ मध्ये रिओ ऑलिंपिकच्या कोर्टावर सानिया मिर्झाच्या शेजारी उभी होती ती बार्शीची प्रार्थना ठोंबरे. पुष्कळांच्या लेखी तिची ओळख तिथे सुरू होते आणि तिथेच संपते. मला ही ओळख अपुरी वाटते, किंचित अन्यायाचीही.

तिची निवड कशी झाली ते आधी पाहू. दुहेरीच्या जागतिक क्रमवारीत पहिल्या दहांत असलेल्या खेळाडूला रिओत थेट प्रवेश होता आणि आपल्या देशातला जोडीदार बरोबर नेता येत होता. अट एवढीच की जोडीदार पहिल्या तीनशेंत हवा. सानिया तेव्हा अव्वल होती, प्रार्थना दोनशेच्या पुढे. लोक म्हणाले, नशीब काढले पोरीने. पण तीनशेच्या आत नशिबाने जाता येत नाही.

तिथे पोहोचण्याचा रस्ता आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाच्या छोट्या स्पर्धांमधून जातो. तेव्हा त्या दहा, पंधरा, पंचवीस हजार डॉलरच्या असत. आकडा ऐकून डोळे विस्फारतात, पण ही रक्कम एकेरी आणि दुहेरीच्या सगळ्या खेळाडूंत वाटली जाते, दुहेरीच्या वाट्याला त्यातला लहान हिस्सा येतो आणि तोही दोघींत विभागायचा. विमानभाडे आणि राहण्याचा खर्च त्यातून सुटणे अवघडच. शिवाय मिळवलेले गुण ५२ आठवड्यांनी गळून पडतात. म्हणजे गेल्या वर्षी जिंकलात तर यंदा निदान तेवढेच जिंका, नाहीतर खाली या. आमच्याकडच्या कोरडवाहू शेतकऱ्याला हा हिशेब समजावून सांगावा लागणार नाही.

प्रार्थनेचा जन्म जून १९९४ चा. पुढे हैदराबादजवळच्या सानियाच्या अकादमीत तिने सराव केला. २०१४ मध्ये इंचॉनच्या आशियाई स्पर्धेत ही जोडी उपांत्य फेरीपर्यंत गेली. तैवानच्या चान चिन-वेई आणि शिए सू-वेई यांच्याशी एकेक सेट झाला आणि निर्णय दहा गुणांच्या टायब्रेकवर गेला. तो ४-१० असा हातचा गेला. या स्पर्धेत उपांत्य फेरीत हरणाऱ्या दोन्ही जोड्यांना कांस्य मिळते. वीस वर्षांच्या मुलीच्या गळ्यात आशियाई पदक पडले होते ते रिओच्या दोन वर्षे आधी. निवडीवर बोलणाऱ्यांना हे क्वचितच आठवले.

रिओत समोर चीनच्या पेंग श्वाई आणि झांग श्वाई होत्या. तिथे महिला दुहेरीत तिसरा सेटही पूर्ण खेळायचा होता. पहिला सेट टायब्रेकमध्ये गेला, दुसरा भारताने ७-५ असा घेतला, तिसरा चीनने ७-५ असाच. सामना पावणेतीन तासांच्या आसपास चालला. पहिल्याच फेरीतली हार, म्हणून वर्तमानपत्रांत ती थोडक्यात आटोपली. पण आकडे पुन्हा वाचा. तीन सेटमध्ये एकदाही कुणी सहज जिंकलेले नाही.

मराठी बाईचे टेनिस तसे जुने आहे. संस्कृतात तुकाराम-रामदासांची चरित्रे लिहिणाऱ्या पंडिता क्षमा राव स्वतः टेनिसपटू होत्या, आणि त्यांची कन्या लीला राव १९३४ मध्ये विंबल्डनला सामना जिंकून आली. पण ते मुंबईच्या सुस्थितीतल्या घराचे टेनिस. तालुक्याच्या गावांतून मुली येऊ लागल्या त्या फार उशिरा. श्रीरामपूरच्या ऋतुजा भोसलेने २०२३ मध्ये हांगचौला रोहन बोपण्णाबरोबर मिश्र दुहेरीचे सुवर्ण घेतले, तेव्हा हे थोडे लक्षात आले.

प्रार्थना मात्र रिओनंतर थांबली नाही. दुहेरी हेच तिचे काम झाले. जोडीदार बदलत गेल्या, त्या छोट्या स्पर्धा चालूच राहिल्या. एप्रिल २०२५ मध्ये बिली जीन किंग चषकाची आशिया-ओशनिया गटाची फेरी पुण्याला म्हाळुंगे-बालेवाडीत झाली. कोरियाविरुद्ध एकेरीच्या दोन सामन्यांनंतर १-१ अशी बरोबरी होती आणि पुढच्या प्लेऑफचे तिकीट दुहेरीवर ठरणार होते. कोर्टावर अंकिता रैना आणि प्रार्थना उतरल्या. सानिया निवृत्त होऊन दोन वर्षे झाली होती. दोघींनी तो सामना जिंकला.